कारण तरी सांगा!

लग्नाच्या बाजारात नकार द्यायची वेळ आली की मराठी माणूस खरं कारण सांगत नाही. मुलाचा पगार कमी वाटलेला असतो, मुलीची उंची जास्त वाटलेली असते, किंवा होऊ घातलेल्या विहिणीने चहाच्या कपाकडे ज्या नजरेने पाहिलं ती नजर खटकलेली असते. निरोप मात्र एकच जातो: पत्रिका जुळत नाही. पत्रिका पाकिटातून बाहेरही आलेली नसते आणि हे दोन्हीकडच्यांना पक्कं ठाऊक असतं. तरी त्या तीन शब्दांची कामगिरी मोठी आहे. प्रकरण मिटलं हे कळतं, दोष दोन्ही घरांचा नसून मंगळाचा आहे हे ठरतं, आणि मुलाच्या आईला शेजारी सांगायला काहीतरी मिळतं. कारण खोटं असेल, पण कारण आहे. माणसाच्या संसाराची नक्कल करून जगभर खपलेल्या एका व्हिडिओ गेमला पंचवीस वर्षांत एवढंही साधलेलं नाही, अशी माझी तक्रार आहे. आणि ती वाटते तितकी क्षुल्लक नाही.

गेमचं नाव 'द सिम्स'. विल राइट आणि त्याच्या मॅक्सिस या अमेरिकन कंपनीने तो फेब्रुवारी २००० मध्ये बाजारात आणला. चौथी आवृत्ती सप्टेंबर २०१४ मध्ये आली आणि तिच्यात अजून भर पडतेच आहे. यात राक्षस मारायचे नसतात, गड जिंकायचे नसतात. सिम नावाची माणसं घर बांधतात, नोकरीला जातात, भांडी घासतात, प्रेमात पडतात आणि म्हातारी होतात. आपण एखाद्या माणसावर किंवा वस्तूवर क्लिक करायचं, की त्या बाबतीत काय काय करता येईल याची यादी उघडते. फ्रिजवर क्लिक केलं तर स्वयंपाक करा, उरलंसुरलं खा. बायकोवर क्लिक केलं तर गप्पा मारा, विनोद सांगा, भांडा. सगळा संसार या यादीवर चालतो. यादीत जे आहे ते शक्य, नाही ते त्या जगात अस्तित्वातच नाही. आणि मग एके दिवशी काल यादीत असलेला पर्याय आज नसतो. घंटा वाजत नाही, पाटी येत नाही. बाकीचे पर्याय सरकून त्याची जागा घेतात आणि काही घडलंच नाही असा चेहरा करून बसतात.

उदाहरण म्हणून नेहमी शोधला जाणारा एक पर्याय घेऊ, म्हणजे 'ट्राय फॉर बेबी'. नवरा आहे, बायको आहे, मैत्रीची हिरवी पट्टी आणि प्रेमाची गुलाबी पट्टी काठोकाठ भरली आहे, पलंग महागातला आहे. पर्याय नाही. इथून जी चौकशी सुरू होते ती कुठल्याही खवचट मामेसासूला लाजवेल अशी असते. दोघांची वयं काय? सिम स्त्री वृद्धावस्थेत गेली असेल तर मूल नाही. वृद्ध पुरुषाला मुभा आहे. ती आधीच गरोदर तर नाही? दोघांचं काही नातं तर लागत नाही? दोघं एकाच आवारात आहेत ना? पलंग दोघांचा आहे ना, आणि त्याच्या दोन्ही बाजूंनी चढायला वाट आहे ना? (डोंबिवलीच्या वन-रूम-किचनमध्ये पलंग भिंतीला टेकवण्यावाचून गत्यंतर नसतं आणि तिथला अनुभव गेमच्या या अटीला दुजोरा देत नाही, जनगणना साक्षीला आहे.) जून २०१६ पासून आणखी एक प्रश्न वाढला. सिम घडवतानाच, हा गरोदर राहू शकतो की दुसऱ्याला ठेवू शकतो, हे ठरवता येऊ लागलं, आणि तेव्हा गडबडीत चुकीची खूण झाली असेल तर तिची आठवण तीन पिढ्यांनी येते. लग्न झालंय का, हे मात्र गेम विचारत नाही. त्याला घरात डोकी किती, यात रस आहे. एका घरात आठांवर माणसं मावत नाहीत आणि त्या आठांत कुत्री-मांजरीही धरलेली आहेत. नवरा-बायको, चार मुलं, एक आजी आणि एक बोका: भरला संसार. नववा जीव यायचा तर आजी किंवा बोका यांच्यापैकी एकाला दुसरं बिऱ्हाड पाहून द्यावं लागतं, आणि खेळणारे कुणाची निवड करतात हे इथे सांगण्यासारखं नाही.

हे सगळं तपासून झालं आणि पर्याय तरीही आला नाही की संशय मॉडवर जातो. मॉड म्हणजे हौशी लोकांनी लिहिलेले, गेममध्ये मागाहून घुसवलेले बदल: नव्या केशरचना, नवे व्यवसाय, शेजाऱ्यांच्या भानगडी आपोआप घडवून आणणारी यंत्रणा. गेमचं नवं अपडेट आलं की मॉड आपोआप बंद होतात. सेटिंगमध्ये जाऊन त्यांच्यापुढच्या चौकटीत पुन्हा खूण करायची, स्क्रिप्ट मॉडसाठी दुसरी चौकट असते तिच्यातही करायची, मग गेम बंद करून परत सुरू करायचा. स्क्रिप्ट मॉड फोल्डरच्या आतल्या फोल्डरच्या आतल्या फोल्डरमध्ये ठेवला असेल तर तो गेमला सापडतच नाही, हेही ध्यानात ठेवायचं. एवढ्यावर भागलं नाही तर 'लोकलथंबकॅश' नावाची फाइल उडवायची, हा उपाय कुणीही कुणालाही, कुठल्याही तक्रारीवर सांगतो. त्या फाइलीत तात्पुरता साठवलेला माल असतो, उडवली तरी गेम ती नव्याने बनवतो, म्हणजे अपाय नक्की नाही. गुण येईलच असंही नाही. शेवटचा उपाय 'फिफ्टी-फिफ्टी'. अर्धे मॉड बाहेर काढून गेम लावायचा. पर्याय परत आला तर चोर बाहेर काढलेल्यांत, नाही आला तर आत राहिलेल्यांत. मग त्या अर्ध्याचे अर्धे. हजार फायली असल्या तरी दहा फेऱ्यांत चोर सापडतो, गणित बिनचूक आहे. फक्त दर फेरीला गेम नव्याने उघडायचा असतो, आणि गणितात एक गोष्ट गृहीत धरलेली असते की चोर एकटा आहे. दोन मॉड एकमेकांच्या वाटेत येत असतील तर वेगळे काढल्यावर दोघेही साळसूद ठरतात, एका छताखाली आले की पुन्हा घर डोक्यावर घेतात. आपल्याकडे हे समजायला संगणक लागत नाही.

आता कुणीही शहाणा माणूस विचारेल की गेममधला माणूस इतका लुळा का, की यादीतून एक ओळ गेली तर त्याला आपल्याच बायकोशी काय करायचं ते आठवू नये? याचं उत्तर गेमच्या रचनेत आहे आणि ते फार मजेदार आहे. १९९१ मध्ये कॅलिफोर्नियातल्या ओकलंडच्या वणव्यात विल राइटचं घर जळालं. संसार पुन्हा उभा करताना माणसाला कुठली वस्तू नेमकी कशासाठी लागते, हा विचार त्याच्या डोक्यात घोळू लागला आणि त्यातून या गेमचं बीज पडलं. त्यामुळेच की काय, सिम्सच्या दुनियेत अक्कल वस्तूंकडे आहे. कसं जेवावं हे सिमला माहीत नसतं, ते फ्रिजला माहीत असतं. फ्रिज अखंड पुकारत असतो की माझ्याकडे या, भूक भागेल. सोफा पुकारतो की टेका, थकवा जाईल. आणि सिमची जी गरज त्या क्षणी जास्त असेल त्या पुकाऱ्याकडे तो जातो. नवी वस्तू विकायला काढली की तिच्यासोबत तिचे पर्यायही येतात, माणसाला वेगळं शिकवावं लागत नाही. रचनाकाराच्या दृष्टीने ही रचना अप्रतिम आहे. तिची एकच परिणती थोडी अवघड वाटू शकेल: माणसावरही क्लिक करता येतं, त्याच्याकडूनही पर्याय मिळतात, म्हणजे गेमच्या हिशेबात नवरा आणि फ्रिज एकाच वर्गात बसतात. पुष्कळ घरांतून याला हरकत घेतली जाणार नाही.

पण पर्याय वस्तूने पुकारला म्हणून यादीत येतोच असं नाही, आणि माझ्या तक्रारीचं मूळ या जागी आहे. प्रत्येक पर्यायाच्या फाइलीत चाचण्यांची जंत्री असते: वय एवढं हवं, नातं नको, इतकं प्रेम हवं. क्लिक झाल्याबरोबर गेम त्या चाचण्या भराभर घेतो. एखादी नापास झाली की पर्याय बाद. चौथ्या आवृत्तीत या चाचणीच्या नोंदीत 'टूलटिप' नावाची एक जागा असते. तिथे कारणाची ओळ लिहिलेली असेल तर पर्याय यादीत राखाडी होऊन दिसतो आणि त्यावर बाण नेला की ती ओळ वाचता येते. जागा रिकामी सोडली असेल तर पर्याय दिसतच नाही. म्हणजे कारण यंत्राला कळलेलं असतं. नेमकी कुठली चाचणी कुठे नापास झाली हे त्याला त्या क्षणी पक्कं माहीत असतं. ते माहीत असूनही तो गप्प राहतो, कारण बोलण्यासाठी ठेवलेल्या जागेत कुणी काही लिहिलं नाही. हौशी मॉडकार गेमच्या फायली उकलून ही जंत्री वाचतात आणि इतरांना सांगतात, की बाबांनो, आजींचं वय झालंय म्हणून. ज्या गोष्टीसाठी एक ओळ पुरली असती तिच्यासाठी जगभरचे खेळाडू आपला संसार अर्धा अर्धा करून बाहेर काढत बसतात.

'कुठे लपला असेल, नीट बघा' असं म्हणणाऱ्यांचं म्हणणं थोडं खरं आहे. यादीच्या पहिल्या पानावर मोजकेच पर्याय येतात, सिमच्या मनःस्थितीनुसार ते बदलतात, आणि उरलेले 'आणखी पर्याय'च्या मागे एकात एक दडलेले असतात. कधी हरवलेला पर्याय तिथेच सुखरूप सापडतो. पण हे तक्रारीचं उत्तर झालं नाही, तक्रारीत भर झाली. आता खेळणाऱ्याला पर्याय नाही आहे की कुठे आत आहे, हेही ठरवता येत नाही.

यावर पहिला गंभीर आक्षेप जागेचा. सगळे पर्याय दाखवायचे ठरवले तर ओळखीच्या माणसावर क्लिक केल्यावर शेकडो ओळींचा गुंता उघडेल, त्यातल्या बहुतेक राखाडी, आणि 'नमस्कार म्हणा' शोधेपर्यंत पाहुणा निघून जाईल. मान्य. पण जे कधीच शक्य नव्हतं ते दाखवा असं कुणी म्हणत नाही. सात वर्षांच्या मुलापुढे लग्नाचा प्रस्ताव राखाडी होऊनही दिसू नये. प्रश्न फक्त त्या पर्यायांचा आहे जे त्याच माणसाला, त्याच पलंगापाशी काल मिळत होते. ते मूठभर असतात, आणि जिथे इतकी मनःस्थिती ओळखून यादी रचता येते तिथे मूठभर ओळी राखाडी रंगात उभ्या करणं कठीण जाऊ नये. दुसरा आक्षेप रसिकांचा आहे. त्यांच्या मते शोध घेण्यातच गंमत आहे, सगळं सांगून टाकलं तर गूढ उरणार नाही. नव्या गोष्टीच्या बाबतीत हे खरं. हरवलेल्या गोष्टीत गूढ नसतं, फक्त वैताग असतो. चष्मा कपाळावर ठेवून घरभर हुडकणाऱ्याला शोधाचा आनंद झाला, असं कुणी म्हणत नाही.

तिसरा आक्षेप तत्त्वज्ञांचा आणि तोच सर्वांत वजनदार. आयुष्यातही दारं बंद होतात, कारण मिळत नाही. मग आयुष्याची नक्कल करणाऱ्या गेमने तरी का द्यावं? उत्तर असं, की आयुष्यात नकार जवळजवळ नेहमी कुणाच्या तरी तोंडून येतो आणि गेमला हे उत्तम ठाऊक आहे. अनोळखी माणसाशी लाडीगोडी करायचा पर्याय सिमला मिळतो आणि समोरचा तोंड वाकडं करून निघून जातो. लग्नाची मागणी घालता येते आणि ती फेटाळलीही जाते. इतकंच काय, घरात कुणी गेलं की काळा झगा घातलेला यमदूत येतो, आणि जवळच्या सिमला त्याच्यापुढे हात जोडून गेलेल्याचे प्राण मागता येतात. सावित्रीचा कित्ता तिथे अधूनमधून यशस्वी होतो, एरवी यमदूत मान हलवतो. विनवणी बहुधा वाया जाणार म्हणून गेमने ती यादीतून काढलेली नाही. ती करू दिली, नकारही समोरासमोर दिला, आणि म्हणून तो प्रसंग खेळणाऱ्यांच्या लक्षात राहतो. जो गेम मृत्यूला नकार द्यायला जातीने पाठवतो, त्याने पाळण्याच्या बाबतीत तोंड लपवावं, यात सुसंगती नाही.

आणि तोंड लपवण्याचा तोटा नुसत्या वैतागापुरता नाही. बिघाड, नियम, धोरण आणि किंमत या चारही गोष्टी रिकाम्या जागेच्या एकाच चेहऱ्याने येतात. सिम्सच्या इतिहासात चारांचीही उदाहरणं आहेत. पहिला गेम तयार होत असताना समलिंगी प्रेमाचा पर्याय नको असं मॅक्सिसमध्ये ठरलं होतं. पण नव्याने आलेल्या पॅट्रिक बॅरेट या प्रोग्रामरच्या हाती जुना आराखडा पडला. त्यात तो पर्याय होता, आणि त्याने तो इमानेइतबारे बसवून टाकला. १९९९ च्या 'ई-थ्री' या व्हिडिओ गेमच्या प्रदर्शनात लग्नाचा प्रसंग दाखवत असताना दोन स्त्री सिमनी सर्वांसमक्ष, आपल्या आपण एकमेकींचं चुंबन घेतलं. लोकांनी गेमची चर्चा केली आणि पर्याय राहिला. जुना कागद नव्याऐवजी हाती आला, यावर एवढी मोठी गोष्ट टिकली. कागदांची अदलाबदल होणाऱ्या आपल्या कचेऱ्यांकडून असा एखादा लाभ झाल्याचं ऐकिवात नाही. पुढे २००४ च्या दुसऱ्या आवृत्तीत अशा जोडप्यांना 'लग्ना'च्या जागी वेगळ्या नावाचा विधी मिळाला, आणि २००९ च्या तिसऱ्या आवृत्तीत लग्न सगळ्यांना सारखं झालं. २००४ मध्ये दोन मैत्रिणींच्या यादीत 'लग्न करा' शोधणाऱ्याने काय समजायचं? प्रेम कमी पडलं, फाइल बिघडली, की कुणाचं मत आडवं आलं? यादी तिन्ही वेळा सारखीच कोरी.

चौथी आवृत्ती २०१४ मध्ये आली तेव्हा पोहण्याचे तलाव नव्हते आणि दुडूदुडू धावणारी मुलंही नव्हती. तलाव त्याच नोव्हेंबरात आले, मुलं जानेवारी २०१७ पर्यंत आली नाहीत. मधली दोनेक वर्षं सिमचं तान्हं पाळण्यातून उठायचं ते थेट शाळेच्या वयाचं होऊन. (बालवाडीची फी वाचली, हा विचार आपल्याकडच्या पालकांच्या मनात आल्यावाचून राहायचा नाही.) मग किमतीचा प्रकार. मूळ गेम ऑक्टोबर २०२२ पासून फुकट आहे, आणि त्याच्याभोवती विकत घ्यायच्या पॅकांचा बाजार मांडलेला आहे. ऑक्टोबर २०२१ मध्ये मुंबईच्या फॅशन स्ट्रीटवर बेतलेलं एक छोटं किट निघालं. त्यात कपडे आहेत. घासाघीस नाही. घासाघिशीचा पर्याय २०१६ च्या 'सिटी लिव्हिंग' या पॅकमधल्या जुन्या बाजारात आहे, त्याचे पैसे वेगळे. फॅशन स्ट्रीटवरचा कपडा आणि त्याचा भाव पाडण्याचा हक्क दोन निरनिराळ्या दुकानांतून विकत घ्यावा लागतो, हे ऐकून आझाद मैदानापाशी उभा असलेला विक्रेताही दोन मिनिटं गप्प होईल. उलट जो पर्याय असायला नको तो आला तर बोभाटा लगेच होतो. जुलै २०२२ च्या अपडेटनंतर सिमना सख्ख्या नात्यांतल्या माणसांबद्दल नको त्या इच्छा होऊ लागल्या, आणि कंपनीला धावतपळत दुरुस्ती करावी लागली. नसलेल्या पर्यायाची अशी बातमी होत नाही, तो बिचारा एकेकट्या खेळाडूच्या डोक्याला ताप होऊन राहतो.

राहता राहिला खर्चाचा आक्षेप, आणि तो कंपनीच्या बाजूने बोलणाऱ्या कुणालाही सुचेल. कारणाची प्रत्येक ओळ लिहायची म्हणजे ती डझनाहून अधिक भाषांत उतरवायची, तपासायची, दर अपडेटला सांभाळायची. मराठी त्या भाषांत नाही, हिंदीही नाही, तेव्हा आपल्याला ती इंग्रजीतच वाचावी लागेल, हे जाताजाता. पण याच गेममध्ये पडद्यांपासून दिव्यांपर्यंत विकायच्या वस्तूंना काही ओळींचं, बऱ्यापैकी विनोदी वर्णन लिहिलेलं असतं आणि तेही सगळ्या भाषांत जातं. ज्यांना दिव्याच्या शेडवर कोटी करायला वेळ आणि पैसा आहे त्यांना 'आजींचं आता वय झालं' हे चार शब्द परवडायला हरकत नाही. आजींना वाईट वाटेल म्हणाल, तर त्यांची भीती बाळगायचं कारण नाही. सिम आपापसांत सिमलिश नावाची कुणालाच न कळणारी भाषा बोलतात. आपल्या डोक्यावर काय लिहिलंय हे आजींना वाचता येणार नाही.